खालच्या पाच पायऱ्या

मी एक जुनी शिडी आहे, असं म्हणताना माझी मलाच शंका येते, मित्रांनो. शिडी म्हणजे जमिनीपासून सुरू होणारी वस्तू. मी मात्र जमिनीपासून पाच पायऱ्या वर सुरू होते. नवखा माणूस मला पाहून हसतो आणि म्हणतो, ही काय शिडी म्हणायची? आमच्या वस्तीतलं कुणी हसत नाही. का हसत नाही, ते सांगायला आज बसले आहे. बसले म्हणजे भिंतीला टेकले आहे. शिडीला बसता कुठे येतं!

माझा जन्म पोलादपूरच्या पलीकडचा, उमरठच्या वरच्या अंगाला असलेल्या डोंगरवाडीतला. तिथे कुशाबांच्या गोठ्यामागे माणग्याचं बेट होतं. माणगा म्हणजे आमच्याकडचा जाड सालीचा, चिवट बांबू. कुशाबा गुरं राखत, थोडी नाचणी-वरी पिकवत. बोलणं तुसडं, पण हात सोन्याचे. बांबू तोडण्याचे त्यांचे कायदे ठरलेले होते. दिवाळी झाल्याशिवाय कोयता लावायचा नाही, आणि लावायचा तोही अंधाऱ्या पंधरवड्यात. आधी तोडलेल्या बांबूला भुंगा लागतो आणि वर्षभरात आतून त्याचं पीठ होतं. "ज्याला दम नाय, त्यानं बांबूला हात लावू नये," असं ते म्हणायचे. त्यांचं हे बोलणं ध्यानात ठेवा, पुढे त्याची आठवण काढायची आहे.

कुशाबांनी एकाच बेटातले दोन सरळ माणगे निवडले, ते धुरावर शेकले, भोकं पाडली आणि ऐनाच्या लाकडाच्या अकरा पायऱ्या ठोकून बसवल्या. बाराव्या पायरीला लाकूड पुरलं नाही. काही वर्षं मी माळ्यावर गवत चढवलं, घर शाकारायला माणसं चढवली. मग कुशाबांचा मुलगा आबाजी बायको-मुलाला घेऊन महाडला निघाला, कारखान्यात कामाला. एस.टी.च्या कंडक्टरने मला बघताच हात जोडले. तेव्हा टेम्पोच्या टपावर आडवी होऊन मी घाट उतरले.

सावित्रीच्या काठाला, बाजाराच्या खालच्या अंगाला आमची वस्ती. पत्र्याच्या खोल्या, एकमेकींना खेटलेल्या. इथला जो तो कुठल्या ना कुठल्या डोंगरावरून उतरलेला. आणि सगळ्या वस्तीत शिडी एकटी मी! माझा तोरा काय सांगू तुम्हाला! "आबाजी, शिडी देता काय?" ही हाक दिवसाआड यायची. मे महिन्यात पत्र्यावर प्लास्टिक घालायला मी, गणपतीत माळा सोडायला मी. शेजारच्या सुंदराबाईंची मांजर पत्र्यावर जाऊन बसली की तिला उतरवायलाही मीच. काम झालं की बायका माझ्या पायऱ्या फडक्याने पुसून परत आणून ठेवत.

पण माझे खरे धनी म्हणजे तीन पोरं. सूरज आबाजींचा. रितेश समोरच्या खोलीतल्या तुळसाबाईचा. बाप तो रांगत असतानाच गेलेला, आई बिरवाडीच्या खानावळीत भाकऱ्या थापायची. तिसरा यशराज, त्याला गाड्यांचं वेड. शाळा सुटली की तिघे माझ्यावर येऊन बसत. सगळ्यांत वर रितेश, मध्ये यशराज आणि खालच्या पायरीवर सूरज, कारण त्याला उंचीवर गेलं की गरगरायचं.

"सूरज, वर ये की रे, हितनं नदी दिसते!" रितेश ओरडायचा.

"तुला दिसते ना? मंग तू सांग मला."

आणि रितेश सांगायचा. म्हशी कुठे उतरल्यात, कुणाचं जाळं अडकलंय, पुलावर कुठली गाडी उभी आहे. त्यातलं निम्मं तो मनाचं घालायचा. एकदा त्याने नदीत मगर दाखवली आणि सूरज दोन दिवस पाण्याकडे फिरकला नाही. एक वडापाव आणला की त्याचे तीन तुकडे व्हायचे आणि मोठा तुकडा कुणाचा यावरून रोज मारामारी. ते भांडण संध्याकाळपर्यंतसुद्धा टिकायचं नाही.

शिमगा हा त्यांचा मोठा सण. होळीसाठी लाकडं चोरायची, ही आमच्याकडची रीत तुम्हाला ठाऊक असेल. या आळीतली पोरं त्या आळीत जातात, कुणाचं मोडकं दार, कुणाची फळी, कुणाचा ओंडका उचलून आणतात. मालकाने बोंब मारायची, शिव्या द्यायच्या, पण मनात राग ठेवायचा नाही. आमच्या वस्तीत आणखी एक नियम होता. होळी लागायच्या आत मालक आला, बोंब मारून "माझं हाय" म्हणाला, तर वस्तू त्याला परत. नाही आला, तर ती होळीची. या नियमावर तिघांनी वस्तीतली किती स्टुलं आणि पाट लंपास केले असतील, ते मला विचारू नका.

पोरं वाढली. यशराज ट्रकवर क्लीनर झाला, आठ-आठ दिवस बाहेर राहू लागला. रितेश दहावीत दोनदा आपटला आणि बाजारात पोती उचलायला लागला. बिरवाडीजवळच्या एका कारखान्यात भरती निघाली तेव्हा रितेश आणि सूरज दोघे गेले होते. ठेकेदाराच्या माणसाने सूरजला घेतलं. रितेश घरी येऊन माझ्या वरच्या पायरीवर बसला आणि म्हणाला, "बरं झालं. त्याला उन्हात काम झेपलं नसतं." त्याच्या बोलण्यात खोट नव्हती. माझ्यावर बसून कोण खरं बोलतं आणि कोण खोटं, हे मला वजनावरून कळतं.

सूरजच्या पाळ्या सुरू झाल्या. कधी सकाळची, कधी दुपारची, आणि बदली माणूस आला नाही की डबल. घरी आला की तो पडायचा आणि झोपायचा. रितेश दारात येऊन विचारायचा, "सूरज हाय काय?" आतून त्याची आई सांगायची, "झोपलाय रे." मग रितेश माझ्यावर एकटाच थोडा वेळ बसायचा आणि निघून जायचा. सूरज वाईट नव्हता, थकलेला होता. पण दारात उभ्या असलेल्याला आतल्याचा थकवा दिसत नाही, नुसतं लोटलेलं दार दिसतं.

असं वर्ष गेलं आणि शिमगा आला.

होळीच्या दुपारी रितेश आला, इकडेतिकडे बघितलं आणि मला खांद्यावर घेऊन पळाला. मला हसू आवरेना. आजवर त्याने सगळ्या वस्तीचं चोरलं होतं, मला बोट लावलं नव्हतं. त्याचा डाव मला कळला होता. शिडी गेली म्हटल्यावर सूरज झोपेतून उठून बोंब मारत येईल, चार शिव्या देईल, दोन धपाटे घालील आणि मग जुन्यासारखा होळीपाशी थांबेल. एवढंच त्याला हवं होतं.

सूरज मात्र घरात नव्हता. दुपारच्या पाळीला गेलेला, आणि नेमकी त्या दिवशी त्याला डबल लागली. रितेशने फोन लावला, पुन्हा लावला. कारखान्याच्या गेटवर फोन जमा करून घेतात. तो तिथल्या खोक्यात वाजत राहिला असेल. तिन्हीसांजा झाल्या. पोरं रितेशच्या मागे लागली, "मालक आला नाय, शिडी होळीची!" रितेश म्हणाला, "थांबा रे, येल तो." एकदा म्हणाला, दोनदा म्हणाला. तिसऱ्यांदा तो वळून रस्त्याकडे बघायला गेला, तेवढ्यात पोरांनी मला होळीत उभं केलं आणि आग लावली.

पोरांचं तरी काय चुकलं? नियम रितेशनेच शिकवला होता.

जाळ काय असतो ते लाकडाला विचारावं. माझे पाय पेटले. रितेश धावत आला आणि उघड्या हातांनी मला ओढून काढलं. तोवर खालच्या पाच पायऱ्या गेल्या होत्या. सहावी काळी पडून आतून करपली होती. त्याचा उजवा तळहात सोलून निघाला. त्याने आधी मला पाण्याने विझवलं, हाताकडे मग बघितलं.

धुळवडीच्या सकाळी सूरज घरी आला. रितेश माझ्याशेजारी बसूनच होता, हाताला फडकं गुंडाळून.

"सूरज, अरे मी नुसती लपवणार व्हतो. तू आला नाय रे..."

सूरजने मला बघितलं. दोन पाळ्यांचा जागा, डोळे लाल. "माझ्या आज्याच्या हातची व्हती ती," तो म्हणाला. "तुला काय काम ना धंदा, तुला शिमगाच सुचणार."

रितेश हातावरचं फडकं घट्ट करू लागला. सूरजलाही आपण काय बोललो ते कळलं असावं, कारण वळता वळता त्याने त्या हाताकडे बघितलं. पण मागे घ्यायला लागतो तेवढा शब्दही त्याने खर्च केला नाही. आत गेला आणि दार लोटून घेतलं. शिमग्याचा राग मनात ठेवायचा नसतो, ही आपल्या लोकांची रीत त्या दिवशी त्याने मोडली. आणि चोरी आपल्या माणसाची करू नये, एवढं रितेशला कुणी शिकवलंच नव्हतं.

वैशाखात रितेश एकटाच उमरठला जाऊन आला. आल्यावर दारात उभा राहून आबाजींना सांगू लागला, जरा मोठ्यानेच, म्हणजे आत ऐकू जावं.

"कुशाबांकडं गेलो व्हतो, काका. म्हटलं, दोन माणगे द्या, नवी शिडी करतो. तर कोयता काढून घेतला माझा! म्हणाले, आता तोडलास तर भुंगा लागंल, दिवाळीनंतर ये. मी दोन चांगले हेरून ठेवलेत. माझ्या बनियनच्या पट्ट्या बांधून आलोय त्यांना, दुसऱ्या कुणी तोडू नयेत म्हणून."

"बरं केलंस," आबाजी म्हणाले. "सूरज, अरे बाहेर ये, बघ कोण आलंय."

सूरज आत जागा होता. मला पलंगाची करकर ऐकू आली. तो उठून बसला असावा. पण बाहेर आला नाही. दिवाळीला शिडी होईल, तेव्हा बोलू, असं त्याने मनाशी ठरवलं होतं, हे त्याने पुढे मला सांगितलं. तेव्हा सांगून काय उपयोग?

आषाढात पाऊस लागला तो लागलाच. कशेडी घाटात दरड आली, रस्ता बंद झाला, म्हणून यशराज ट्रक सोडून घरी आला होता. तिसऱ्या दिवशी सकाळी वस्ती उठली ती पाण्याच्या आवाजाने. चहाची भांडी तरंगायला लागली. आधी घोटे, मग गुडघे, आणि बघता बघता कंबर. वरच्या रस्त्याकडे जायची वाट वेगाने वाहत होती. तिकडे पाय टाकायची सोय राहिली नाही.

आमच्या वस्तीत पक्की इमारत एकच, समाजमंदिर. त्याला स्लॅब आहे, जिना नाही. जिना मंजूर झाला होता, एवढंच सगळ्यांना माहीत. लोक भिंतीशी जमले आणि वर बघू लागले. स्लॅब हाताला लागेना. यशराज पन्हाळीच्या पाइपाला धरून कसाबसा वर गेला; म्हाताऱ्यांना आणि पोराबाळांना ते कसं जमणार? कुणीतरी ओरडलं, "शिडी आणा!" सूरजने मला आणलं. मला उभं केलं आणि सगळ्यांना कळलं की मी पुरत नाही. पुरल्या असत्या अशा पाच पायऱ्या शिमग्यात जळल्या होत्या.

मित्रांनो, त्या वेळी मला वाटलं की मला पुरतं जाळलं असतं तर बरं झालं असतं.

रितेश पाण्यातून पुढे आला. भिंतीला पाठ लावली, पाय रोवले, माझी दोन जळकी टोकं आपल्या दोन खांद्यांवर घेतली आणि मला उचललं. माझं वरचं टोक स्लॅबला लागलं. माझ्या नसलेल्या पाच पायऱ्या एका दमात भरून निघाल्या.

"पहिल्या पायरीवर पाय देऊ नका," तो ओरडला. "ती करपलेली हाय, मोडंल. दुसरीवर द्या!"

सूरज त्याच्यासमोर पाण्यात उभा राहिला. एकेकाला उचलून दुसऱ्या पायरीवर चढवू लागला, वरून यशराज हात धरून ओढू लागला. चार महिने न बोललेले दोघे, समोरासमोर, हातभर अंतरावर. पोरं चढली. लेकुरवाळ्या चढल्या. आबाजी दुखऱ्या गुडघ्याने कण्हत चढले. सुंदराबाई चढताना रितेश म्हणाला, "मावशे, मांजरीसंगं तूप खायला कुणी सांगितलं व्हतं?" "मुडद्या, वर ये, मंग दावते तुला!" ती म्हणाली आणि रडायला लागली. तुळसाबाई चढेना. "तू आधी चल," म्हणू लागली. "आये, तू चढ गो, मी आलोच," रितेश म्हणाला. लेकाच्या खांद्यावरच्या शिडीने ती वर गेली.

एकोणीस माणसं. प्रत्येकाचं वजन माझ्यातून खाली त्याच्या खांद्यांत उतरलं. माझी टोकं त्याच्या मांसात रुतत होती आणि मला मागे घेता येत नव्हती. पाणी त्याच्या छातीला लागलं, मग गळ्याला.

शेवटी दोघे उरले.

"चढ," रितेश म्हणाला.

"तू आधी."

"मी चढल्यावर धरायला तू? पाण्यात तुझे पाय ठरत नायत. चढ. शिडी तुझी हाय, मालक आधी."

सूरजने पायरीला हात घातला. रितेशने खालून विचारलं, "शिमग्याचा राग अजून हाय काय रे?"

एका शब्दाचं उत्तर होतं. ते सूरजच्या ओठावर आलेलं मी पाहिलं. पण घाई होती, पाणी होतं, आणि त्याला रडायला येत होतं, ते दाखवायचं नव्हतं. तो म्हणाला, "वर ये आधी. मंग बोलू."

ज्या पोराला खालची पायरी सोडवत नव्हती, तो त्या दिवशी खाली न बघता वर गेला. वर पोचताच त्याने आणि यशराजने मला वरच्या टोकाला धरलं आणि खाली लोंबतं सोडलं. "धर!" सूरज ओरडला. रितेशने हात वर केले. ते खांद्याच्या वर जाईनात. तासभर एवढी माणसं पेललेले खांदे, ते बधिर झाले होते. त्याने एक हात कसाबसा वर फेकला आणि त्याच्या हाताला लागली ती माझी पहिली पायरी. करपलेली. ज्या पायरीपासून त्याने सगळ्यांना जपलं, तीच.

मी मोडले, मित्रांनो. दुसऱ्या कुणावर ढकलण्यासारखं यात काही नाही. मी मोडले. त्याच्या मुठीत माझा एक तुकडा राहिला आणि पाण्याने त्याला नेलं. सूरज उडी घ्यायला निघाला, यशराजने आणि आबाजींनी त्याला दाबून धरलं. तुळसाबाई स्लॅबच्या कडेला बसून नुसती पाण्याकडे बघत राहिली.

तिसऱ्या दिवशी तो दासगावच्या बाजूला सापडला. चेहऱ्यावरून ओळख पटली नाही. तळहातावरच्या होळीच्या डागावरून तुळसाबाईने ओळखलं. दोन्ही खांद्यांवर बांबूच्या टोकाएवढ्या दोन गोल जखमा होत्या. पंचनामा करणाऱ्याने विचारलं, हे कशाचं?

दिवाळी झाली, अंधारा पंधरवडा लागला. सूरज आणि यशराज उमरठला गेले. कुशाबा आता काठीवर चालतात. त्यांनी बेट दाखवलं. दोन माणग्यांना मळकट पट्ट्या बांधलेल्या होत्या, पावसाने आकसून घट्ट झालेल्या. सूरज तिथेच खाली बसला. कोयता कुशाबांनी स्वतः लावला. पट्ट्या सोडून त्यांनी नातवाच्या हातात दिल्या.

त्या माणग्यांची नवी शिडी झाली. ती समाजमंदिराला कायमची लावून ठेवली आहे. तिला कुलूप नाही. यंदाच्या शिमग्यात पोरांनी तिला हात लावला नाही.

उरलेल्या बांबूतून मलाही खाली जोड द्यावा, असं सूरजच्या मनात होतं. मी तेव्हा तुळसाबाईच्या दारात होते. पुरानंतर तिने मला मागून नेलं होतं. तो बांबू, करवत, खिळे घेऊन आला. म्हणाला, "मावशे, मोडलेली बदलतो, खाली पाच पायऱ्या लावून देतो. पुरी होईल."

तुळसाबाईने त्याच्या हातातली करवत काढून घेतली. "नको रे. तेवढी जागा माझ्या रितेशची हाय," ती म्हणाली.

तेव्हापासून मी अशीच आहे. सुट्टीच्या दिवशी सूरज येतो. तुळसाबाईचं पाणी भरतो, चहा घेतो, मग माझ्यापाशी बसतो. कुणी आसपास नसलं की हलक्या आवाजात म्हणतो, "राग नाय रे माझा. नव्हताच." मी ऐकते. पण हे ऐकायला तो कान माझे वापरतो, आणि मी कोण? बांबूचे दोन तुकडे आणि पाच पायऱ्या.

मित्रांनो, शिडीला जपा, लाकडाला जपा, असं सांगून मी तुमची रजा घेतली असती. पण मला दुसरंच सांगायचं आहे. बांबू तोडायचा असेल तर दिवाळीची वाट बघा. कुशाबांचं त्यात काही चुकलेलं नाही. मित्राशी बोलायचं असेल तर मात्र कशाचीच वाट बघू नका. दारात येऊन कुणी तुमचं नाव घेऊन "हाय काय?" म्हणून विचारत असेल, तर कितीही झोप असो, कितीही राग असो, उठा आणि दार उघडा.